यमक्याची ओळ

बाजारामागच्या गल्लीत दोघा भावांचं इस्त्रीचं दुकान होतं. दुकान म्हणजे एक लांबोडकी खोली, समोरासमोर दोन टेबलं, टेबलांवर घडी घातलेलं घोंगडं आणि त्यावर पांढरं कापड. मागच्या भिंतीशी लोकांचे गठ्ठे, ज्याच्या त्याच्या चादरीत गाठ मारून ठेवलेले. थोरला भाऊ डावीकडच्या टेबलाशी उभा राही, धाकटा उजवीकडच्या. थोरल्याला सगळी गल्ली यमक्या म्हणायची.

इस्त्री फिरवता फिरवता तो यमकं जुळवायचा, म्हणून. कुणी आठवडाभर कपडे न्यायला आला नाही, की तो आल्याबरोबर यमक्या म्हणे, "गठ्ठा राहिला पडून, साहेब बसले दडून!" कुणी तुटक्या बटणावरून भांडायला लागला, की, "बटण घरीच तुटलं, खापर इथे फुटलं!" भांडणारा हसायचा आणि भांडण तिथंच मिटायचं. त्याचं लग्न झालं नव्हतं. याला यमक तेवढं जुळतं, बाकी काही जुळत नाही, असं लोक म्हणत, आणि तोही ते हसून ऐकून घेई. दुकानाच्या वरच्या दोन खोल्यांत धाकटा, धाकट्याची बायको, त्यांची लहान मुलगी आणि तो असे चौघं राहत.

तंबाखूच्या एका कंपनीचा विक्रीवाला दर आठवड्याला त्यांच्याकडे शर्ट टाकायचा. दुकानोदुकानी फिरायचं तर कॉलर ताठ हवी, असं त्याचं म्हणणं. एकदा तो शर्टाची वाट बघत बाकड्यावर बसला होता. तोंड कडू झालं होतं.

"काय झालं?" धाकट्याने विचारलं.

"नवी पुडी काढतोय कंपनी. मोठमोठ्या लोकांना बसवून ओळ लिहून घेतली. पण दुकानदार वाचतो आणि जांभई देतो."

"काय आहे ओळ?" यमक्याने विचारलं.

"उत्कृष्ट चव, उत्तम दर्जा."

"ही तर खोकल्याच्या बाटलीवर शोभेल," यमक्या म्हणाला. त्याच्या हाताखाली त्याच माणसाचा शर्ट होता. त्याने कॉलरवरून इस्त्री नेली, परत आणली आणि त्याच ठेक्यात म्हणाला, "चिमूटभर गालात, गडी आपल्या तालात!"

धाकटा खो खो हसला. विक्रीवाला हसला नाही. त्याने यमक्याला ती ओळ पुन्हा म्हणायला लावली आणि खिशातलं पेन काढून तळहातावर लिहून घेतली.

महिन्याभराने कंपनीकडून दोन नव्या कोऱ्या विजेच्या इस्त्र्या आल्या. तोवर ते कोळशाच्या इस्त्र्या वापरत. निखारे फुंकून फुंकून दोघांचे डोळे कायम लाल असत, आणि एखादी ठिणगी उडाली की कुणाच्या तरी धोतराची किंवा चादरीची भरपाई आलीच. आता खटका दाबला की झालं. जुन्या इस्त्र्या माळ्यावर गेल्या. दोघांनाही वाटलं, एका ओळीचं चांगलंच सोनं झालं.

मग ती ओळ सगळीकडे दिसू लागली. बसच्या पाठीवर, काडेपेटीवर, पानाच्या टपऱ्यांच्या पत्र्यावर, खेळाच्या मैदानाच्या कुंपणावर. रेडिओवर दोन गाण्यांच्या मध्ये एक जाड आवाजाचा माणूस ती म्हणायचा आणि मागे ढोलकी वाजायची. ज्यांनी जन्मात तंबाखूला हात लावला नाही, त्यांच्याही तोंडी ती बसली. शाळेत उशिरा येणाऱ्या पोराला मास्तर म्हणत, "या, गडी आपल्या तालात!" सासू जावयाबद्दल हळूच तेच म्हणे. गल्लीतल्या मुली दोरीवरच्या उड्या त्या ओळीवर मारत. त्यांत यमक्याची पुतणीही होती. "चिमूटभर" ला एक उडी, "गालात" ला दुसरी. तिची शंभरी भरली की ती दुकानात येऊन काकाला सांगायची. काका तिला शाबासकी द्यायचा.

यमक्या स्वतः तंबाखू खात नव्हता. एकदा खाऊन पाहिली होती, तर उचकी थांबेना. धाकट्यालाही चहाखेरीज व्यसन नव्हतं. पण पुडी बाजारात आली त्या दिवशी त्याने एक आणली आणि आपल्या टेबलाजवळच्या खिळ्याला लटकवली. गिऱ्हाईक आलं की बोट दाखवायचा. "ही बघा. दादाची ओळ. इथंच, या टेबलाशी झाली."

दाखवायला आणलेली पुडी बंद किती दिवस राहणार? कुणीतरी म्हणालं, अरे, आत काय आहे ते तरी बघ. त्याने फोडली. ती संपल्यावर खिळा रिकामा दिसायला लागला म्हणून दुसरी आणली.

यमक्याने एका दुपारी त्याचा फुगलेला गाल पाहिला. "काय रे, तूसुद्धा?"

"मग? तूच तर सांगतोस सगळ्या गावाला," धाकटा म्हणाला. दोघंही हसले.

धाकट्याच्या बायकोला हसू आलं नाही. मोरीच्या कडेला पिचकाऱ्यांचे तपकिरी डाग पडायला लागले तशी ती यमक्याला म्हणाली, "भाऊजी, ह्यांना तुम्ही सांगा. माझं ऐकत नाहीत."

"सांगतो," तो म्हणाला. आणि त्याने सांगितलंही, पण यमक जुळवून. धाकटा खळखळून हसला, पाठीवर थाप मारून म्हणाला, "दादा, ही पण कंपनीला दे!" विषय तिथंच राहिला.

वर्षं गेली. पुतणी मोठी झाली, कापडाच्या कारखान्यात कामाला लागली, लग्न होऊन दुसऱ्या गावी गेली. धाकट्याला आधी तिखट लागेनासं झालं. मग मोठा घास तोंडात जाईना. बायको त्याला भात कालवून, अगदी मऊ करून देऊ लागली. गालाच्या आत एक फोड आला आणि बसला तो बसलाच. शेवटी भाऊ आणि बायको त्याला मोठ्या दवाखान्यात घेऊन गेले.

तिथं एक नर्स माहिती लिहून घेत होती. तिने तोंड उघडायला सांगितलं. दोन बोटंही आत जाईनात.

"कधीपासून खाताय?"

"ओळ आली तेव्हापासून," धाकटा म्हणाला.

"कुठली ओळ?"

धाकट्याने ती म्हणून दाखवली. शब्द नीट फुटत नव्हते, पण ठेका बरोबर होता. नर्सला हसू आलं. तिने लगेच ओठ मिटून घेतले, तरी ते आलं होतं. "अय्या, ती होय," एवढं ती म्हणून गेली.

यमक्या मागे धाकट्याची पिशवी धरून उभा होता. या क्षणी आपल्याला काहीतरी व्हायला हवं, असं त्याला वाटलं. काही झालं नाही. त्याची नजर नर्सच्या बाहीवर गेली. बाहीला दोन चुण्या पडल्या होत्या, एक जुनी आणि एक नवी. घाईत केलेली इस्त्री. तो त्या दोन चुण्यांकडे बघत राहिला.

शस्त्रक्रियेत धाकट्याचा अर्धा जबडा गेला. तो घरी आला, बरा झाला, आणि पुन्हा टेबलाशी उभा राहिला. या कामाला तोंड लागत नाही. पण तो काय बोलतो ते आता फक्त त्याच्या बायकोलाच कळे. म्हणून ती दिवसभर खाली दुकानातच बसू लागली. गिऱ्हाईक तिच्याशी बोले. धाकट्याकडे कुणी सरळ बघत नसे.

एकदा दुकानात गिऱ्हाईक नव्हतं. यमक्याने एक चादर टेबलावर पसरली आणि तिच्याकडेच बघत विचारलं, "माझ्यामुळे झालं का रे?"

धाकटा इस्त्री उभी ठेवून बराच वेळ बोलला. बायकोने नीट ऐकून घेतलं.

"म्हणतायत, दादा, तुझी ओळ काही एवढी भारी नव्हती. त्याच्यापेक्षा चांगल्या तू गठ्ठ्यांवर केल्यास. त्या कुणाच्या लक्षात आहेत? ही जिथं बघावं तिथं लिहून ठेवली होती, म्हणून राहिली."

धाकटा अजून काहीतरी म्हणाला.

"आणि म्हणतायत, सगळ्यांत आधी हसलो तो मीच."

यमक्याने मान हलवली. हे ऐकून बरं वाटायला हवं होतं. ते वाटलं नाही, आणि वाईटही वाटलं नाही. त्याने चादरीचे चारही कोपरे जुळवले आणि घडी घातली.

पुढच्या वर्षी दुखणं मानेत उतरलं आणि धाकटा गेला. पुतणी आली, रडली, आईजवळ काही दिवस राहून परत गेली. दुकान बंद ठेवून चालण्यासारखं नव्हतं, कारण लोकांचे कपडे आत अडकले होते. यमक्याने कुलूप काढलं आणि पडलेले गठ्ठे एकट्याने संपवले. एकही कपडा करपला नाही, एकही अदलाबदल झाली नाही. माणसं दबक्या आवाजात आपापला गठ्ठा घेऊन गेली.

काही महिन्यांनी आरोग्य खात्यातली एक बाई दुकान शोधत आली. ती ओळ यमक्याची, हे तिला कुणीतरी सांगितलं होतं. "तुम्हीच आता उलट ओळ लिहा," ती म्हणाली. "तुमच्या हाताला गुण आहे."

त्याने नाही म्हटलं नाही. हो म्हणायचाही उत्साह नव्हता. आठवडाभर इस्त्री फिरवताना तो मनाशी शब्द लावत राहिला आणि ती परत आली तेव्हा त्याने सांगितलं, "आज चिमूट, उद्या निमूट."

बाईने ती वहीत लिहून घेतली. मग म्हणाली, "याहून चांगली ओळ मी ऐकलेली नाही." पुतणीला फोनवर सांगितली तेव्हा तीही म्हणाली, "काका, ही जास्त चांगली आहे."

"हो," तो म्हणाला. कारागीर माणूस, त्यालाही ते कळत होतं.

भित्तिपत्रकं छापली गेली. यमक्या एकदा मुद्दाम दवाखान्यात जाऊन बघून आला. लांबच्या लांब व्हरांड्यात, बाकांच्या वर एक पत्रक होतं. खाली माणसं बसली होती, त्याच्याकडे पाठ करून. कुणाच्या गालाला पट्टी, कुणाच्या नाकात नळी. जे उभे होते ते वाचत होते, आणि त्यांना आता त्याचा काही उपयोग नव्हता.

"बसवर नाही का लावत?" त्याने त्या बाईला विचारलं.

"बस परवडत नाही हो आम्हाला," ती म्हणाली. "दवाखान्याच्या भिंती फुकट मिळतात."

गल्लीत कुणाच्याही तोंडी ती ओळ बसली नाही. पोरांनी तिच्यावर दोरीच्या उड्या मारल्या नाहीत. मास्तर अजूनही जुनीच म्हणत होते. मधल्या काळात तंबाखूच्या जाहिरातींना बंदी आली होती, तर त्याच कंपनीने त्याच रंगाच्या, त्याच आकाराच्या पुडीत वेलदोडे घालून विकायला काढले. बसच्या पाठीवर तीच ओळ पुन्हा झळकली. वेलदोडे चिमटीने गालात कोण धरतं, असं कुणी विचारलं नाही. सगळ्यांना माहीत होतं.

त्या सुमाराला विक्रीवाला आला. तो आता विक्रीवाला राहिला नव्हता, मोठा साहेब झाला होता, पोट सुटलं होतं. तरी शर्ट इथंच टाकायची सवय. तो बाकड्यावर टेकला, धाकट्याबद्दल हळहळला, आणि अगदी मनापासून हळहळला. मग थोडा वेळ जाऊ देऊन म्हणाला, "यमक्याभाऊ, वेलदोड्यांसाठी एक ताजी ओळ हवी आहे. जुनी लोकांना पाठ झाली."

"हल्ली जुळत नाही," यमक्या म्हणाला.

"असं कसं? तुमच्या तर डाव्या हातचा मळ."

"नाही जुळत."

साहेबाने फार ताणलं नाही. गठ्ठा ठेवला आणि गेला. यमक्याने गाठ सोडली, शर्ट काढून टेबलावर पसरला आणि पाणी शिंपडलं. समोरच्या टेबलाशी आता धाकट्याची बायको उभी राहत होती. सरळ कपडे तिला जमू लागले होते, चुण्यांच्या कपड्यांना अजून वेळ लागे.

"त्याचे कपडे कशाला घेतलेत?" तिने विचारलं.

"शर्टाने काय केलंय?"

ती आपल्या टेबलाकडे वळली. यमक्याने नेहमीसारखी कॉलर ताठ केली, बाह्या केल्या, सहाच्या सहा शर्टांच्या घड्या घालून गठ्ठा बांधला. साहेबाचा माणूस येऊन घेऊन गेला.

पुढच्या आठवड्यात तोच माणूस नवा गठ्ठा घेऊन आला तेव्हा यमक्या मागे स्टार्च कालवत होता. धाकट्याच्या बायकोने गठ्ठा हातात घेतला, तोलल्यासारखा केला आणि त्याच्या हातात परत दिला.

"जागा नाही."

माणसाने तिच्या खांद्यावरून आत पाहिलं. मागची भिंत जवळजवळ रिकामीच होती.

"एवढी तर जागा आहे, वहिनी."

"नाही," ती म्हणाली. "साहेबांना सांगा, यापुढे होणार नाही."

माणूस गठ्ठा उचलून गेला. यमक्याने हे सगळं ऐकलं होतं. तो स्टार्चचं घमेलं घेऊन पुढे आला आणि टेबलाखाली ठेवलं. तिला वाटलं, आता भाऊजी काहीतरी म्हणतील.

"पुढचा कुणाचा?" त्याने विचारलं.

"पोस्टातल्या बाईंचा. त्यात चुण्यांचा घागरा आहे."

"मग तो इकडे आण. दाखवतो कशा धरायच्या."

ती घागरा घेऊन त्याच्या टेबलाशी गेली. त्याने पहिली चुणी दोन बोटांत धरली, टोकाला टाचणी लावली आणि इस्त्री तिच्या हातात दिली.