दारोदार तांदूळ मागणारे सासरे

"काय हो, म्हाताऱ्या माणसाला घरात जेवायला तरी घालता का?" दहीभाताचा डबा पुढे करत कीर्तीनं श्रीविद्याला दारातच धारेवर धरलं.

कीर्ती समोरच्या घरात कोइम्बतूरहून नुकतीच राहायला आलेली. सकाळी तिनं गोपालकृष्णरावांना, म्हणजे श्रीविद्याच्या सासऱ्यांना, गल्लीत दारोदार तांदूळ मागताना पाहिलं. झालं! ज्येष्ठ नागरिकांच्या हेल्पलाइनला फोन करून बाई मोकळी. उद्या सकाळी माणसं चौकशीला येणार.

श्रीविद्याच्या तोंडचं पाणीच पळालं. सून सासऱ्यांना उपाशी ठेवते, हे ती शिकवते त्या शाळेत कळलं तर? बाईंनी मुलांना तोंड कसं दाखवायचं? आणि मामंजी कोण, तर पोस्टातले पेन्शनर! मार्गळी, म्हणजे डिसेंबर-जानेवारीतला तमिळ महिना, लागला की पागोटं बांधायचं, चिपळ्या घ्यायच्या, भजनं म्हणत उंछवृत्तीला, म्हणजे दारोदार मूठमूठ तांदूळ मागायला, निघायचं आणि मिळालेला तांदूळ भजनमठाच्या पंगतीला द्यायचा, ही घराण्याची रीत. पण हे सांगणार कुठल्या तोंडानं? "मामंजींना आवरा हो, लाज वाटते," असं तीच नवऱ्याला सांगत आलेली. शाळेच्या घाईत तिनं ती फेरी कधी डोळ्यांनी पाहिलीसुद्धा नव्हती.

दुसऱ्या दिवशी रजा टाकून ती दारात उभी राहिली. हेल्पलाइनच्या बाई आल्या, कीर्ती आली, बघेही जमले. आता शोभा होणार, दुसरं काय!

तेवढ्यात वळणावरून गाणं आलं. अगं बाई, हा मामंजींचा आवाज? घरात "थोडा रस्सम" म्हणतानाही पुटपुटणारा हा माणूस! रिक्षावाल्यानं इंजिन बंद केलं. फुलवालीनं चपला काढल्या. बायका घागरीनं त्यांच्या पायांवर पाणी घालून नमस्कार करू लागल्या. श्रीविद्याच्या अंगावर सरसरून काटा आला.

गात गात ते स्वतःच्याच दारी येऊन थांबले. घर त्यांचं, तांदूळ त्यांचा. तरी मान खाली घालून गळ्यातलं तांब्याचं पात्र त्यांनी सुनेपुढे धरलं, कुणा परक्याच्या दारात धरावं तसं. एवढं मोठं मन माणसाला येतं तरी कुठून? तिनं धावत आतून ओंजळभर तांदूळ आणले, त्यातले निम्मे उंबऱ्यावरच सांडले.

"यांना दहीभात चालेल का हो?" कीर्तीनं हळूच विचारलं. तिचेही डोळे भरले होते.

हेल्पलाइनच्या बाईंनी कागद काढला. "हे तुमचे कोण?"

"माझे सासरे!" श्रीविद्या म्हणाली. सगळ्या गल्लीला ऐकू जाईल एवढ्या मोठ्यानं म्हणाली.