ढोरं आधी, माणसं मागून

साकोलीत माझ्या वडिलांचं भांड्यांचं दुकान आहे. मी पुण्याहून संख्याशास्त्र शिकून परत आले आणि भंडाऱ्याला नोकरीला लागले, तेव्हा दुकानात येणारी माणसं त्यांना विचारायची, "पोरगी काय करून राहिली आता?" वडील तराजू पुसत सांगायचे, "सरकारले सांगते, लोकं असे काहून वागतात ते." माझ्या कामाची इतकी चांगली व्याख्या मला अजून कुणी दिलेली नाही.

आमचा अभ्यासगट अगदी लहान होता. प्रमुख होते सैन्यातून निवृत्त झालेले एक मेजर, मूळचे साताऱ्याकडचे. जिल्हा प्रशासनाने आम्हाला एकच प्रश्न दिला होता. वैनगंगेला पूर येणार हे आधी कळवूनही काठच्या गावांतली माणसं वेळेवर घर का सोडत नाहीत? पाणी अंगणात आलं की मग सैन्याच्या बोटी बोलवाव्या लागत. आणखी मोठे भोंगे बसवायचे आणि आणखी बोटी घ्यायच्या, असं जवळपास ठरलंच होतं. त्याआधी एकदा अभ्यास व्हावा, एवढंच.

मेजरांना हा प्रश्न जुना होता. "मी बोटीतून हात जोडून बोलावलंय लोकांना," ते म्हणाले. "माणूस छपरावर बसलेला, थरथर कापतोय, पण येत नाही. का, ते नोकरी संपेपर्यंत कळलं नाही मला."

उन्हाळाभर आम्ही गावोगाव हिंडलो. एका गावात एक काकू भेटल्या. अंगणात म्हैस बांधलेली, आवाज साऱ्या गल्लीला पुरेल असा.

"भोंगा ऐकू येतो का, काकू?" मी विचारलं.

"येते ना! बहिऱ्यालेबी आयकू येते तो."

"मंग निघत काहून नाही तुम्ही?"

"निंगूनच तं राहिलो असतो बाई, तवर पानी येते."

मेजर हळूच मला म्हणाले, "काय म्हणाल्या?" मी सांगितलं, "निघतच असतात म्हणे." ते हसले. पण जवळपास सगळ्यांचं उत्तर हेच होतं, आणि त्यातून हाती काहीच लागत नव्हतं.

ऑफिसात बसून मी सगळी माहिती उलटसुलट लावून पाहिली. नदीपासूनचं अंतर, वय, शिक्षण, आधी पूर पाहिलाय की नाही. काही जुळेना. मग कुणाकडे गुरं आहेत, कुणाकडे नाहीत, अशी घरं वेगळी केली आणि चित्र एकदम स्पष्ट झालं. ज्यांच्या गोठ्यात जनावर, ते सगळ्यात उशिरा निघत. मी खुर्चीवरून उठून मेजरांना हाक मारली. त्यांनी पाहिलं, मान डोलावली आणि यादीतल्या एका टोल्यावर, म्हणजे लहानशा वस्तीवर, बोट ठेवलं. "इथं तर गुरंच गुरं आहेत. आणि हे सगळ्यांच्या आधी निघतात. हे कसं?"

माझा सगळा आनंद ओसरला. दुसऱ्या दिवशी आम्ही त्या टोल्यावर गेलो. गावामागे टेकाडावर मोकळी जागा होती, वर पत्रे टाकलेले, शेजारी बोअर. नदी फुगली की ढोरं तिथे हाकायची, हे त्यांचं ठरलेलं. म्हणजे माणसं जनावरांच्या मायेने अडकत नव्हती. जनावरं न्यायला जागा नव्हती, म्हणून अडकत होती. निवाऱ्याला दिलेल्या शाळेत म्हैस कशी शिरणार?

परतताना काकूंना विचारलं, "म्हशीबद्दल आधी काहून नाही सांगितलं?"

"साहेब लोकाईले म्हैस वाचवाची हाय म्हनलं तं हासतेत ना, बाई."

जिल्ह्याच्या बैठकीत आम्ही हे मांडलं, तेव्हा खरंच एक अधिकारी हसले. "माणसांच्या मदतीच्या पैशातून ढोरांची सोय?" मेजर शांतपणे म्हणाले, "बैल हलला की मालक हलतो, साहेब. मालक हलला की बोट लागत नाही." जिल्हाधिकारी बाईंनी माझे तक्ते पुन्हा मागून घेतले, त्या टोल्याबद्दल बारकाईने विचारलं आणि म्हणाल्या, "भोंग्यांचं थांबवा. उंचावरच्या बाजाराच्या मैदानात शेड, चारा, पाणी करा. आणि पावसाआधी तालीम घेऊन दाखवा."

तालमीच्या सकाळी काकूंच्या गावाने पोळाच केला. बैलांची शिंगं रंगवलेली, कुणी बकऱ्या ट्रॉलीत चढवलेल्या, कुणी टोपलीत कोंबड्या घेतलेल्या, आणि कुणीतरी डफडंही आणलेलं. भोंगा वाजला तशी आधी ढोरं निघाली आणि त्यांच्या मागे न बोलावता अख्खं गाव. काठावर सैन्याची तुकडी बोटी घेऊन तयार उभी होती. त्यांच्याकडे कुणी फिरकलंच नाही. तुकडीचा तरुण अधिकारी मेजरांना म्हणाला, "सर, हमारे लिए कोई बचा ही नहीं?"

मग मेजरांनीच लोकांना बोटीत बसायला बोलावलं, बसण्याची सवय व्हावी म्हणून. काकू आधी नाही नाही म्हणाल्या, मग बसल्या, आणि बोट काठाला लागल्यावर उतरेनात. "आनखी एक चक्कर मार ना बापू!" त्या जवानाला म्हणाल्या. त्याला मराठी येत नव्हतं, तरी त्याने बोट वळवली.

त्याच पावसाळ्यात वरच्या धरणांतून पाणी सोडलं गेलं. मी जिल्हाधिकारी कार्यालयातल्या नियंत्रण कक्षात बसले होते. तक्त्यात जुळलेलं पाण्यात जुळेल का, हीच धास्ती. दुपारी ट्रॅक्टर निघाल्याचा निरोप आला. मग बराच वेळ काहीच नाही. अखेर मेजरांचा फोन आला.

"बोटी रिकाम्या आहेत," ते म्हणाले. "जवान इथं मैदानात चारा टाकायला लागलेत. ऐक."

त्यांनी फोन हवेत धरला असावा. मी स्पीकर लावला. सगळ्या खोलीत हंबरणं, बकऱ्यांचं ओरडणं, पोरांचा कल्ला आणि कुठल्याशा बाईचा खणखणीत आवाज घुमला, "अरे, पायावर नको टाकू तनस!" जिल्हाधिकारी बाई आधी हसल्या, मग आम्ही सगळेच. कुणीतरी चहा सांगितला. मी वडिलांना फोन लावायला बाहेर व्हरांड्यात गेले, आणि हसू आवरेना, तरी हसत हसतच त्यांना सगळं सांगितलं.