न बिघडलेल्या मशीनचा आकडा

मंडळी, आमच्या सातपूरच्या वर्कशॉपला काम देणाऱ्या कंपनीच्या मॅडम आज आल्या होत्या. पेठ-सुरगाण्याच्या पाड्यांवरून आलेल्या मुलींचं आमच्याकडचं ट्रेनिंग त्यांच्याच खर्चाने चालतं. म्हणाल्या, "दादा, धंद्याला याचा फायदा काय, ते आकड्यात द्या. नाहीतर वरचे बंद करतील."

मी डोकं खाजवत होतो, तेवढ्यात त्या मुलींपैकी नवीन आलेली मंगल बाहेर मशीनपाशी ओरडली, "काका, थांबवा. मशीन येगळंच वाजतंय."

मशीन चालवणाऱ्या काकांनी ते लगेच बंद केलं; पाहिलं तर आतला एक बोल्ट सैल झाला होता. तिच्या बोलण्यावर कोणी हसलं नाही.

मला माझे दिवस आठवले. देवळ्याहून नवा आलो तेव्हा मी आमच्या अहिराणीत "आवाज बराबर नही शे" म्हटलं की सगळे दिवसभर "शे, शे" करत चिडवायचे. मी बोलणंच सोडलं होतं. आमचे मिस्तरी म्हणाले, "हसू दे त्यांना. तुझ्या भाषेत बोल, पण बोल." म्हणून टिकलो.

मॅडमना म्हटलं, "नवी मुलगी बोलली, काकांनी ऐकलं, मशीन वाचलं. हाच फायदा लिहा."

"पण त्यात पैसे किती वाचले?"

"जे बिघडलंच नाही, त्याचा आकडा कुठून आणू?"

त्यांनी तेच लिहून घेतलं. वरचे काय म्हणतात, बघू.

तुमच्याकडे नवीन माणूस बोलला की आधी हसतात, की आधी ऐकतात?