लोरीनबाईंचं गाळलेलं प्रकरण

मागच्या मार्चमध्ये लोरीनबाईंच्या नवऱ्याची, ह्यूची मेल आली. "लोरीन फार दिवस काढेल असं वाटत नाही. सहीसाठी यायचं असेल तर लगेच ये." मी ती मेल दोन दिवस तशीच ठेवली. कुणी मरायला टेकलं की काढता पाय घ्यायची मला सवय आहे. शेवटी माझी बायको मुग्धा म्हणाली, "सॅटर्डेला ऑफ आहेस ना? प्लीज जा. नंतर गिल्टी वाटून घेशील आणि मला पिडशील."

लोरीनबाई कादंबरीकार. अमेरिकेच्या दक्षिणेत, मिसिसिपीतल्या एका आडगावात जन्मलेल्या. वडिलांचा शवपेट्या विकायचा धंदा, आणि बाईंची पहिली नोकरी गावच्या पेपरात मृत्युलेख लिहायची. मेलेल्यांबद्दल इतकं गोडगोड खोटं लिहावं लागलं की खरं लिहायला कादंबरीकडे वळले, असं त्या सांगत. एकूण पाच कादंबऱ्या. प्रत्येकीत निदान एक मयत आणि त्या मयतात हसून पोट दुखेल असं काहीतरी. पहिल्या पुस्तकानंतर गावाने वाळीतच टाकलं. मग स्कॉटिश नवऱ्याबरोबर त्या इथे स्कॉटलंडमध्ये, फाइफच्या किनाऱ्यावर आल्या आणि चाळीस वर्षं थंडीत कुडकुडत तिकडच्या उकाड्याबद्दल लिहीत राहिल्या. पुस्तकं फारशी खपली नाहीत. त्यांच्या तिसऱ्या कादंबरीचं मराठी भाषांतर मी केलं होतं. पुण्याच्या प्रकाशकाला त्यांची लेखी परवानगी हवी होती, म्हणून ही धावपळ.

मी राहतो त्या ग्लासगोहून एडिनबरा ट्रेनने पन्नासेक मिनिटं. तिथे गाडी बदलून लेव्हन. फोर्थच्या खाडीवरचा पूल येतो तेव्हा डावीकडे बसलात तर रस्त्याचे पूल दिसतात, उजवीकडे नुसता समुद्र. मला दोन्हीकडे धुकंच दिसलं. पुढे बस. कॉन्टॅक्टलेस चालतं, पण रविवारी बस फार कमी, तेव्हा शनिवारीच जा. बंदराजवळच्या कॅफेत मसुरीचं सूप आणि ब्रेड मिळतो. आमटीत मीठ आणि फोडणी दोन्ही विसरलं की तसं लागतं, पण गरम होतं. कॅफेवाल्या बाईंना पत्ता विचारला तर म्हणाल्या, "लोरीनकडे? तिने माझ्या सासूला पुस्तकात मारलंय. अगदी हुबेहूब." बाईंना त्याचा आनंदच झालेला दिसला.

लोरीनबाई खिडकीपाशी पलंगावर होत्या. नाकात ऑक्सिजनची नळी, हात अगदी काटकुळे. ह्यू चहा ठेवून बाहेर गेला. बाईंनी माझ्या हातातली भाषांतराच्या कागदांची चळत पाहिली आणि म्हणाल्या, "मयताच्या जेवणाचं प्रकरण वाच. कळणार नाही, पण ऐकायचंय."

त्यांच्या मिसिसिपीत मयत झालं की शेजारणी त्या घरी शिजवलेलं घेऊन येतात. भांडं परत मिळावं म्हणून त्याच्या बुडाला नावाची चिकटपट्टी लावतात. त्या प्रकरणातली विधवा रडतारडता भांडी उलटी करून बघते, कुणी हात आखडता घेतला ते.

"ते मी गाळलं," मी म्हणालो.

"का?"

"आमच्याकडे सुतकात असं हसत नाहीत. वाचकांना रुचणार नाही."

"थापा मारू नकोस. मी मृत्युलेख लिहिलेत."

मग मी खरं ते सांगितलं. त्या प्रकरणापर्यंत आलो तेव्हा सांगलीला बाबा गेले. माझा व्हिसा वाढवायचा अर्ज होम ऑफिसकडे, म्हणजे इथल्या गृहखात्याकडे, पडून होता. निकाल लागायच्या आत देश सोडला की अर्ज बाद, मग नोकरीही जाते. पासपोर्ट माझ्याच ड्रॉवरमध्ये होता. कुणी अडवलं नव्हतं. मीच गेलो नाही. ही गोष्ट मी ब्लॉगवर पहिल्यांदाच लिहितोय आणि लिहितानाही लाज वाटतेय.

"तिकडे काय काय झालं?" त्यांनी विचारलं.

"माहीत नाही. आईला कधी विचारलं नाही."

त्या म्हणाल्या, "आधी आईला विचार. मग माझं प्रकरण भाषांतर कर. ते आलं की सही करीन." आणि डोळे मिटले.

बसस्टॉपवर ह्यू म्हणाला, "ती ऐकणार नाही. तूच घाई कर."

मी घाई केली नाही. रविवारी फोन हातात घेऊन ठेवून दिला. सोमवारी मीटिंगा होत्या, मंगळवारी काहीच नव्हतं तरी केला नाही. गुरुवारी ह्यूची मेल आली. बाई पहाटे गेल्या. हक्क बाईंनी मिसिसिपीतल्या भाच्याच्या नावे करून ठेवलेत आणि तो उत्तर देत नाही. पुस्तक अजून माझ्याकडेच पडून आहे. तुमच्या आवडत्या लेखकाला भेटायचं असेल तर उन्हाळ्याची वाट बघू नका, एवढंच सांगतो.

त्या गुरुवारी संध्याकाळी आईला फोन केला आणि बाबांच्या दिवसांचं विचारलं.

"तुला लागेल म्हणून सांगितलं नाही रे. दहाव्याला कावळा शिवेना. दोन तास झाले. सगळ्यांनी कायकाय कबूल केलं, माझी काळजी घेऊ म्हणाले, तरी नाही. शेवटी नानाभावजी हात जोडून कावळ्यालाच समजावायला लागले. 'अरे, पोरगं येणार होतं. अर्ज पेंडिंग आहे. देश सोडला की रद्द होतो.' सगळे नियम सांगितले बघ. गुरुजीसुद्धा कान देऊन ऐकत होते."

आई हसायला लागली. नानाकाका नदीकाठी उभे राहून कावळ्याला होम ऑफिस समजावताहेत, हे मला समोर दिसलं आणि मीही हसलो. हसताहसता रडू फुटलं, ते आवरेना.

"मग शिवला का?" मी विचारलं.

"नाही रे," आई म्हणाली. "दर्भाचा करावा लागला."