राईच्या घरातली शाळा

मी कुवेतला नर्सच्या नोकरीवर निघाले, त्या सकाळी मोठे काका अंगणात वाट अडवून उभे राहिले. "पोरीला कुनी परमुलखात पाठवतं का?" आईने माझी बॅग उचलली. "ती जानार. बोलायचं ते माझ्याशी बोला," म्हणाली आणि त्यांच्या शेजारून पुढे चालू लागली.

राईकरांनो, तुम्हाला तिचा हा स्वभाव ठाऊक आहे. बाहेर गेलेल्यांसाठी सांगते.

मी लहान होते तेव्हा आपल्या राई गावात शाळेला इमारत नव्हती. वडिलांनी आमच्या घराची पुढची मोठी खोली शाळेला दिली होती. बाजाराला निघालेल्या बायका मासळीची पाटी डोक्यावर घेऊन यायच्या आणि पोरींना दारात सोडून पुढे जायच्या. मीही तिथेच शिकत होते. वडील वारले आणि काकांनी त्या खोलीला कुलूप घातलं. एका व्यापाऱ्याला मिठाच्या गोण्या ठेवायला जागा हवी होती.

मुलं अंगणात ताटकळत उभी राहिली. गुरुजी घरी निघाले होते. आईने त्यांना थांबवलं. घराचा पुढचा अर्धा भाग काकांच्या वाट्याचा, मागचा आमच्या. तिने माजघरातले हंडे, डबे, अंथरुणं काढून पडवीत नेली आणि भिंतीला फळा टेकवला.

काका आत आले. "आन चूल कुटं मांडशील?"

"पडवीत."

"लोक हसतील."

"हसू द्या. शाला बंद व्हनार न्हाय."

त्या पावसाळ्यात ती गळक्या पडवीत ओल्या लाकडांवर भात शिजवायची. धुराने तिचे डोळे सुजायचे. मला रडू आलं की म्हणायची, "आत जा. पाढे म्हन."

शाळेला इमारत मिळेपर्यंत आमच्या माजघरात कितीतरी मुली चौथी पास झाल्या. एरवी दुसरीनंतर त्यांना घरी बसवत.

आता माझं आयुष्य ड्युटी, हॉस्टेल, एसी आणि मल्याळी रूममेटशी मोडक्या हिंदीत गप्पा असं आहे. इथे मला कुणी परकं म्हटलं तर वाईट वाटत नाही. गावातलं कुणी म्हटलं, "ती गेली, तिचं आता इथं काय," तर मात्र मी ऐकून घेत नाही.

काकांनी पुढचा भाग विकला, घेणाऱ्याने तो पाडलाही. आई मागच्या भागात राहते. गेल्या सुट्टीत तिला घेऊन मी ग्रामपंचायतीत गेले आणि घराला तिच्या नावाखाली माझं नाव लावायला सांगितलं.

ग्रामसेवक म्हणाले, "बाई, तुम्ही राहता कुवेतला. नाव कशाला?"

"घर माझं आहे म्हणून," मी म्हणाले, आणि नाव लागेपर्यंत खुर्चीवरून उठले नाही.