टेपवरचा चेअरमन

आमचे चेअरमन हिंमतराव मेल्यावरही गावच्या सोसायटीच्या तीन बैठकांना हजर होते. प्रोसिडिंगात मीच तसं लिहिलंय: ‘चेअरमन टेपद्वारे हजर.’ मी सेक्रेटरी होतो आणि एक नंबरचा भित्रा होतो. पण गोष्ट माझी नाही, त्यांच्या बायकोची आहे, अयोध्याबाईंची.

भूमकडचा पंच्याऐंशीचा दुष्काळ. सोसायटीचा पाण्याचा टँकर खालच्या वस्तीला द्या म्हणून बाई नवऱ्याशी भांडल्या. हिंमतराव सोलापूरला ऑपरेशनला निघाले होते. उंबऱ्यात उभं राहून त्यांनी बैठकीसाठी टेपरेकॉर्डरवर हुकूम सोडला, “म्या येईपतूर टँकर बंडप्पाच्याच हिरीत ओता. बरं, येतो.” पुढं टेपवर नुसती शांतता होती. ती बाईंची. रागाच्या भरात त्या ‘या’ म्हणाल्या नव्हत्या.

हिंमतराव तिकडंच वारले. व्हाइस चेअरमन बंडप्पा मात्र विहिरीतलं पाणी स्वतःच्या उसाला सोडायचा आणि कुणी तोंड उघडलं की कॅसेट लावायचा. “येतो म्हणालेत न्हवं? ते येईपतूर काय बदलायचं न्हाय.” सगळे माना खाली घालायचे, मीसुद्धा. आजही त्याची लाज वाटते.

बाई दर बैठकीला बाहेर ओट्यावर बसून तो आवाज ऐकायच्या. नवऱ्याचं तेवढंच उरलं होतं.

चौथ्या बैठकीला वस्तीतल्या बाया रिकाम्या घागरी घेऊन दारात आल्या. चार दिवस त्यांना पाणी नव्हतं. बंडप्पानं टेपमध्ये कॅसेट घातली, तशा अयोध्याबाई आत आल्या आणि त्यांनी टेपरेकॉर्डर पुढं ओढला.

“वैनी, ती बटणं दाबू नगा! मालकांचा आवाज पुसंल!” बंडप्पा ओरडला.

“ठावं हाय मला.”

त्यांनी रेकॉर्डिंगची दोन बटणं एकदम दाबली. कॅसेट फिरू लागली. हुकूम पुसला जाईपर्यंत बाईंचा हात बटणावरून निघाला नाही. शेवटी त्या खाली वाकल्या आणि हळूच म्हणाल्या, “या.”

बंडप्पानं घाईघाईनं टेप मागं घेऊन लावली. घागरींची खडखड ऐकू आली. मग बाईंचा आवाज: “या.”

मी लिहिलं, ‘चेअरमन गैरहजर.’ मग टँकर वस्तीला द्यायला हात वर झाले, पहिला माझा.

टँकर वस्तीकडं वळला तरी बाई ओट्यावरच होत्या. मला म्हणाल्या, “सेक्रेटरी, त्यांचा आवाज आनखी कुठं आसंल का वो?”

कुठंच नव्हता.