दोघींची खोली

स्पर्धेच्या गावी पोचलं की ताई आधी खोलीतला पलंग दाबून बघायची, मग नळाला गरम पाणी येतंय का ते, आणि सगळ्यांत शेवटी खेळायचा हॉल. तरुणपणी हा क्रम नेमका उलटा होता. पन्नाशी ओलांडल्यावर मात्र डोक्याच्या आधी कंबर बोलायला लागली होती.

ताई म्हणजे कुणाची सख्खी ताई नव्हे. वीज कंपनीच्या बुद्धिबळ संघात ती सगळ्यांत जुनी. आधी संघातल्या पोरी तिला ताई म्हणायला लागल्या, मग पंच, मग स्पर्धा भरवणारे. एकदा नवऱ्यानेही हॉटेलात फोन करून "जरा ताईंना बोलवता का?" असं विचारलं आणि पुढे कितीतरी दिवस घरात त्याची हजेरी घेतली गेली.

तिला हा खेळ शिकवला वडिलांनी, पाय मोडून घरी बसले होते तेव्हा वेळ जावा म्हणून. प्लास्टर निघायच्या आत पोरगी त्यांना हरवायला लागली. सुट्टीत दोन्ही काका आले, तर एकाच दुपारी तिने दोघांना मात दिली. थोरले काका "नशीब आहे पोरीचं" म्हणत उठले ते पुन्हा पटापाशी बसलेच नाहीत. मुलींच्या स्पर्धा तिने ओळीने जिंकल्या, वर्तमानपत्रात फोटो आले, आणि त्या फोटोंच्या जोरावर वीज कंपनीत नोकरी लागली. सकाळी बिलांच्या तक्रारी ऐकायच्या, दुपारी सराव करायचा, वर्षातून काही वेळा कंपनीच्या वतीने खेळायला जायचं. लग्न झालं, मुलगी झाली. "आमची सून बाहेरगावी खेळायला जाते," हे सासूबाई शेजारणींना अशा आवाजात सांगायच्या, की सुनेला कसलं जुनं दुखणं आहे असंच ऐकणारीला वाटावं.

दुखणं होतंच म्हणा. मास्टरचा किताब हवा असेल तर तीन मोठ्या स्पर्धांमध्ये ठरलेल्या दर्जाचा खेळ करून दाखवावा लागतो. पहिल्यांदा तिने तो लग्नाआधी केला. दुसऱ्यांदा मुलगी शाळेत जायला लागली तेव्हा. तिसरी खेप काही केल्या जमेना. एकदा ताप आला. एकदा घरातून निघताना गॅस बंद केला होता का, हे आठवत बसण्यात जिंकलेला डाव हातचा गेला. हुकायचा तो नेहमी अर्ध्या गुणाने. लोकांनी विचारणं सोडलं, मग तिनेही बोलणं सोडलं. निवृत्ती जवळ आली होती आणि कंपनीने यंदाच्या स्पर्धेनंतर तिला संघात घेणार नाही असं आडवळणाने सांगून टाकलं होतं. "आता नव्या पोरींना संधी द्यायची ना, ताई?" साहेब म्हणाले होते. ताई "हो तर" म्हणाली आणि जागेवर जाऊन पुढची तक्रार ऐकायला लागली.

स्पर्धेत तिच्या खोलीत नेहमी लांबडी असायची. लांबडी बँकेच्या संघातून खेळायची. इतकी उंच, की कुठल्याच हॉटेलच्या पलंगावर तिचे पाय मावत नसत. वीसेक वर्षं दोघी एका खोलीत राहत आल्या होत्या. किटली लांबडीची, चहा-साखर ताईची. खुर्चीच्या पाठीवर एका बाजूला हिचे मोजे, दुसऱ्या बाजूला तिचे. लांबडी कुठल्या कुशीवर घोरते, गुडघ्याला कुठलं मलम लावते, भावजयीशी का बोलत नाही, सगळं ताईला पाठ.

आणि एकमेकींशी गाठ पडली की बरोबरी, हेही ठरलेलं. तसं बोलून कधी ठरलं नव्हतं. पहिल्यांदा गाठ पडली तेव्हा दोघी प्रवासाने मेलेल्या होत्या. लांबडीचा उंट ताईच्या वजिराच्या अंगावर आला, वजीर बाजूला सरकला, उंट मागे गेला, वजीर परत आला. तीच मांडणी तीनदा झाली की डाव बरोबरीत सुटतो. तिसऱ्यांदा वजीर जागेवर आल्याबरोबर लांबडीने पेनाला टोपण लावून हात पुढे केला. अर्धा गुण हिला, अर्धा तिला, आणि दोघी चहाला. तेव्हापासून प्रत्येक वेळी हाच रस्ता, हेच टोपण, हाच हात. "आल्या बघा, जोडीने फेरफटका मारायला," असं पंचसुद्धा म्हणायचे.

यंदा मात्र ताई चांगली खेळत गेली. का, ते तिचं तिलाही कळेना. कदाचित हरायची भीती बाळगायचासुद्धा कंटाळा आला असेल. शेवटच्या फेरीचा डाव जिंकला तर किताब. बरोबरी झाली तर नाही. आणि शेवटच्या फेरीत समोर नाव आलं लांबडीचं.

सकाळी लांबडीने उठून किटली लावली. ताई पलंगावर बसून केस विंचरत होती. फोनवर मुलगी म्हणाली, "आई, या वेळी तरी घरचा विचार करू नकोस. गॅस मी बंद केलाय." मागून नवऱ्याचा आवाज आला, "झालं की कळव, नाही झालं तरी कळव. तोंड कसं करून दार उघडायचं ते मला ठरवायला लागतं!"

लांबडी हसली. "भला माणूस आहे गं. घे, तुझ्यात साखर कमी घातलीय."

ताईने कप घेतला. आता सांगावं, असं तिला वाटलं. मला आज जिंकायचंय गं, एवढंच तर म्हणायचं होतं. पण ते म्हटलं की जिंकू दे म्हटल्यासारखं होईल. आणि ती नाही म्हणाली तर? शब्द ओठांवर आले, तेवढ्यात लांबडीने विचारलं, "माझं मलम पाहिलंस का?"

"उशीखाली बघ," ताई म्हणाली आणि चहा संपवला.

डाव सुरू झाला. ताईची पांढरी, लांबडीची काळी. लांबडी रोजच्या वाटेवरून जावं तशी खेळत गेली. उंट अंगावर आला, वजीर सरकला. उंट मागे, वजीर परत. पुन्हा एकदा उंट, वजीर, उंट. आता वजीर तेवढा जागेवर आणायचा, की तिसरी वेळ झाली. ताईचा हात वजिरावर गेला नाही. तिने हत्ती उचलला, दुसऱ्याच पट्टीत ठेवला आणि घड्याळाचं बटण दाबलं.

लांबडीने पटाकडे पाहिलंच नव्हतं. बटणाचा आवाज ऐकून तिने सवयीने पेनाला टोपण लावलं आणि हात पुढे केला.

तो हात पटावर तसाच राहिला. शेजारच्या पटावरच्या पोरीने मान वर करून पाहिलं. ताई मांडीवर हात घट्ट धरून बसली होती. मग लांबडीची नजर खाली, हत्तीवर गेली. तिने हात मागे घेतला, पुन्हा हळूच टोपण काढलं आणि खुर्ची पुढे ओढली.

पुढचा सगळा डाव ताईला कुण्या परक्या बाईशी खेळल्यासारखा वाटला. लांबडी संकटात सापडल्यावर कशी खेळते, हे तिला ठाऊकच नव्हतं. ठाऊक होणार कसं? वीस वर्षांत त्या दोघी एकमेकींशी खेळल्याच नव्हत्या. ताईने एक प्यादं मारलं, हत्तीने वाट अडवली, पण लांबडी प्रत्येक वेळी एक बारीकशी फट शोधून बाहेर पडायची. चिवट, अबोल, जराही घाई न करता. दुपार कलली. बाकीचे पट उठले, टेबलांवरच्या चादरी गोळा झाल्या. ताईच्या कंबरेतून कळ निघत होती. जास्तीचं प्यादं पुढे पुढे गेलं आणि शेवटी मेलं. हत्तीला हत्ती गेला. पटावर उरले नुसते दोन राजे, समोरासमोर, भांडून दमलेल्या म्हाताऱ्यांसारखे.

या वेळी हात ताईने पुढे केला. लांबडीने तो धरला, पण चटकन सोडला. निकाल तोच, नेहमीचा. अर्धा गुण हिला, अर्धा तिला. किताब गेला. आपल्याला रडू येईल असं ताईला वाटलं होतं, पण तिला फक्त आडवं व्हायचं होतं.

खोलीत लांबडी बॅग भरत होती. मोजे, मलम, टॉवेल. ताईने नवऱ्याला "नाही झालं" एवढंच कळवलं आणि पलंगाच्या कडेवर बसली.

"सगळ्यांसमोर हात लोंबकळत ठेवलास माझा," लांबडी मागे न वळता म्हणाली.

"मला जिंकायचं होतं गं."

"मग सकाळी तोंड शिवलं होतं का? माझ्या हातचा चहा पीत बसलीस घुम्यासारखी."

"काय सांगणार होते? सांगितलं असतं तर हरली असतीस?"

"हरतंय माझं खेटर! जरा नीट बसले असते एवढंच. केस विंचरून." लांबडीने बॅगेची चेन ओढली, ती अडकली, पुन्हा ओढली. मग पाठमोरीच म्हणाली, "हत्ती आधी का नाही आणलास गं मध्ये? तिथे मेले होते मी."

ताईने आठवून पाहिलं. खरंच, ती चाल होती. "दिसली नाही," ती म्हणाली.

"मला दिसली होती. घाम फुटला होता." लांबडीने किटली उचलली, उरलेलं पाणी बेसिनमध्ये ओतलं, किटली टॉवेलात गुंडाळून बॅगेत घातली आणि निघून गेली. जाताना दार मात्र हळू लावलं.

पुढचे महिने ताईने कार्यालयात तक्रारी ऐकण्यात काढले. फोन हिने केला नाही, तिनेही नाही. मग एका सकाळी स्पर्धा भरवणाऱ्यांचा फोन आला. ज्येष्ठ खेळाडूंची स्पर्धा होती. तिथे कंपनी लागत नाही, संघ लागत नाही, येईल त्याने खेळायचं.

"ताई, खोलीचं काय करू? नेहमीसारखी दोघींची, की एकटीची?"

समोर खिडकीपाशी एक माणूस बिल फडकावत उभा होता. "तिला विचारा," शेवटी ती म्हणाली.

"त्यांनाच आधी फोन केला होता. त्या म्हणाल्या, तिला विचारा." पलीकडचा माणूस वैतागला होता. "आता मी कुणाला विचारू, तुम्हीच सांगा."

ताईने बिलवाल्याला हाताने थांबायची खूण केली.

"दोघींची," ती म्हणाली. "आणि तिला म्हणावं, किटली आण. या वेळी आधीच सांगतेय, नीट बस म्हणावं, केस विंचरून."